शंभरातल्या सात वाती

“कागद उलटा करा, वहिनी. नमस्कार मग.”

अभ्यंकर गुरुजींनी हे म्हटलं तेव्हा माझे हात जोडलेलेच होते. एका तळहातात गणपतीची पितळी मूर्ती, दुसरा हात तिच्यावर, आणि मूर्तीच्या बुडाला कुंकवाने चिकटून आलेला बँकेचा कागद. सोळा-सतरा वर्षं झाली, पण तो आवाज अजून तसाच कानात आहे. ओरडून नाही, रागावून नाही. पूजेत “पळीभर पाणी सोडा” म्हणावं, इतक्या सहज.

गुरुजी त्या दिवशी आले होते ते लक्षवातींच्या उद्यापनाचा मुहूर्त काढायला. सांगलीतला आमचा फ्लॅट ताब्यात आला त्या दिवशीच मी संकल्प सोडला होता. रोज शंभर वाती वळल्याशिवाय तोंडात अन्नाचा कण घालायचा नाही. एक लाख पुऱ्या झाल्या की एकवीस मेहुणं जेवायला घालून उद्यापन. महिन्याचे अडचणीचे तीन दिवस सोडले तर एकही सकाळ चुकली नाही. लाख व्हायला तेरा दिवस उरले होते.

हे सूतगिरणीत फिटर. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं. “गिरणीत कापूस, घरी आलो की कापूस. माझ्या नाकात एक देऊळ बांधा आता.” मी हसायची आणि वळत राहायची. मनातून त्यांना व्रताचा अभिमान होता, कारण पाहुण्यांना वातींचे डबे तेच उघडून दाखवायचे.

उद्यापनासाठी मी तीस हजार साठवले होते. भिशीचे, शिलाईचे, आईने दिवाळीला दिलेले. वातींच्या डब्यांमागेच तो पैशांचा डबा असे. मेहुणांना तोंडी आमंत्रणं गेली होती. माझ्या नणंदेने, शैलजावन्संनी, तर साडीही घेऊन ठेवली होती.

“उद्यापनाला हीच मूर्ती घेऊ का, लहान तर नाही होणार?” असं विचारत मी देव्हाऱ्यातून गणपती उचलला, आणि कागद बाहेर आला. त्याच्याखाली आणखी एक होता.

“हे काय देवाच्या बैठकीखाली?” गुरुजींनी विचारलं.

“बँकेची पत्रं. घराच्या कर्जाची,” मी म्हटलं. “व्याज वाढलं ना गुरुजी, गिरणीत ज्याच्या त्याच्या तोंडी तेच आहे. खालच्या मजल्यावरच्या निंबाळकरांचा हप्ता तर सहाशेने वाढला. आमच्यावर मात्र त्याची कृपा. दोनदा पत्र आलं, दोन्ही वेळा हप्ता होता तेवढाच. चार हजार नऊशे सव्वीस. मी हळदकुंकू वाहून त्याच्यापाशीच ठेवलं. पहिल्या वेळेला एकवीस मोदक केले होते.”

“मोदक मीही खाल्ले,” हे म्हणाले. गिरणीची सुट्टी होती, चहा घेत बसले होते. “बँकेच्या नावाने खाल्लेले पहिलेच मोदक.”

गुरुजी हसले नाहीत. गुरुजी होण्याआधी ते एका सहकारी बँकेत कर्जखात्यात कारकून होते, एवढं आम्हाला ठाऊक होतं. ती बँक बंद पडली तेव्हा वडिलांची पोथी पुन्हा हातात घेतली, असं ते स्वतःच सांगत. पंचांगात खूण म्हणून ठेवलेली पेन्सिल त्यांनी काढली आणि ते वाक्य म्हणाले. कागद उलटा करा.

मी उलटा केला. मागे बारीक अक्षरांतला तक्ता होता. आकडेच आकडे. खरं सांगायचं तर या बाजूला काही छापलंय, हेच मी पहिल्यांदा पाहत होते. घरात आलेलं चांगलं पत्र, देवापुढे ठेवलं. देवापुढे ठेवलेलं कुणी उलटं करतं का?

“चौथी ओळ वाचा.”

“उर्वरित मुदत, तीनशे बत्तीस.”

“काय तीनशे बत्तीस?”

“दिवस?” मी म्हटलं.

“महिने.” गुरुजींनी यांच्याकडे पाहिलं. “मधुसूदनराव, कर्ज किती वर्षांचं होतं?”

“वीस. तीन झाली, सतरा राहिली. अठ्ठावन्नाला मी निवृत्त, त्याच महिन्यात कर्ज फिटणार. हिशेब करूनच घेतलंय.” हे जरा ऐटीत म्हणाले.

“तीनशे बत्तीस महिने म्हणजे सत्तावीस वर्षं आठ महिने. आज तुमचं वय?”

“एकेचाळीस.”

पुढची बेरीज कुणी मोठ्याने केली नाही. यांनी कप खाली ठेवला, तो बशीत न बसता कडेवर बसला आणि कलंडला. मी फडकं आणायला उठले, तेवढंच मला उठायला निमित्त. अडुसष्ट. गिरणीतल्या माणसाला पेन्शन नाही. अठ्ठावन्नाव्या वर्षी पगार थांबणार आणि त्यानंतर पुरी दहा वर्षं दर महिन्याला चार हजार नऊशे सव्वीस. कुठून? नाही भरले तर घर कुणाचं?

“छापताना चुकलं असेल,” हे म्हणाले. “एकही हप्ता चुकवलेला नाही मी. तीन वर्षांत पावणेदोन लाखांच्या वर भरलेत. सहा लाखांतले तेवढे गेले की नाही?”

“पस्तीस हजार गेले,” गुरुजी म्हणाले. “तेही इथेच लिहिलंय. सहावी ओळ. शिल्लक मुद्दल पाच लाख पासष्ट हजार.”

“बाकीचे?”

गुरुजींनी मान हलवली. मग माझ्याकडे वळले. “वहिनी, आजच्या वाती झाल्या?”

“झाल्या. आता मोजून डब्यात ठेवायच्या.”

“ताट आणा.”

मी ताट आणलं. गुरुजी मांडी घालून खाली बसले आणि एकेक वात उचलून डावीकडे ठेवू लागले. तोंडाने मोजत होते, जप केल्यासारखे. त्र्याण्णवपर्यंत मोजून थांबले.

“समजा घरात एक उंदीर आहे,” गुरुजी म्हणाले. “तुम्ही रोज शंभर वाती वळता. तो रोज त्र्याण्णव नेतो. तुमच्याकडे काय राहिलं?”

ताटात सात वाती होत्या.

“लाख कधी होणार, वहिनी?”

मी मनात हिशेब केला. वातींचा हिशेब मला कधी कागदावर करावा लागला नाही. हजार दिवसांत होणारं काम चौदा हजार दिवसांवर गेलं. एकोणचाळीस वर्षं.

“ह्या महिन्याच्या तुमच्या हप्त्यात शंभरातले त्र्याण्णव व्याजाचे. सात फक्त कर्जाला लागले.”

“पहिल्यापासून असंच होतं?”

“पहिल्या महिन्यात एकवीस राहत होत्या.”

एकवीस हा आकडा ऐकून मला रडू आलं. उगाच. म्हणजे तेव्हा तरी देवाचा आकडा घरात होता, आणि तो कमी होत गेला तसतशी मी मोदक करत गेले.

“व्याज वाढलं की दोनच गोष्टी होतात,” गुरुजी म्हणाले. “एक तर हप्ता वाढतो, नाहीतर वर्षं वाढतात. निंबाळकरांचा हप्ता वाढला, म्हणून त्यांना कळलं. तुमची वर्षं वाढली. वर्षं खिशातून जात नाहीत ना, त्यामुळे कळत नाही. घर कितीला घेतलंत?”

“सात लाख,” हे म्हणाले. “एक आमचा, सहा बँकेचे.”

“ह्या कागदाप्रमाणे चाललं तर एकोणीस लाखांना पडेल.”

हे उठून गॅलरीत जाऊन उभे राहिले. गॅलरीची जाळी त्यांनी स्वतः बसवली होती, गिरणीतून रजा काढून. तिच्यावरून हात फिरवत राहिले.

मी गुरुजींना हळूच विचारलं, “आता?”

त्यांनी पंचांग उघडलं. मला वाटलं मुहूर्त बघतायत. पण त्यांनी आतल्या कोऱ्या पानावर पेन्सिलीने आकडे मांडायला घेतले. बराच वेळ मांडत होते. खोडत होते. शेवटी म्हणाले, “तुमच्याकडे कुठे थोडी रक्कम बाजूला आहे? दहा, वीस, तीस हजार. एकरकमी.”

माझी नजर डब्याकडे गेली असावी.

“ते उद्यापनाचे,” हे गॅलरीतून म्हणाले. “त्याला हात लावायचं नाव काढू नका गुरुजी. तीन वर्षं ही बाई उपाशीपोटी वळतेय. आणि ते पैसे बँकेत भरले तर ती आयुष्यभर झोपायची नाही.”

“मी कुठे नाव काढलं,” गुरुजी म्हणाले. “मी फक्त आकडा सांगतो. आज तीस हजार मुद्दलात भरले तर शेवटचे सदुसष्ट हप्ते जातात. सव्वातीन लाख रुपये. वर हप्ता आपणहून साडेपाच हजार करून घेतला तर सोळा वर्षांत मोकळे. म्हणजे सत्तावन्नाव्या वर्षी. नाही केलं तर अडुसष्ट. बाकी तुमचं तुम्ही बघा.”

तीस हजाराला सव्वातीन लाख. मला ते खरं वाटेना. मी पुन्हा विचारलं, त्यांनी पुन्हा सांगितलं. तिसऱ्यांदा विचारलं, तर ताटातल्या सात वातींत पाच वाती परत ठेवून दाखवल्या. “एकदाच तीस हजार भरले, तर दर महिन्याला ह्या पाच तुमच्याकडे जास्त राहतात. पुढच्या महिन्यात त्याच्याहून जास्त. उंदराचं खाणं मुद्दलावर चालतं, वहिनी. मुद्दल कमी करा, तो आपोआप वाळतो.”

“पण गुरुजी, देवाला शब्द दिलाय.”

“संकल्पात काय म्हटलं होतंत?”

“लक्ष वाती पूर्ण झाल्यावर एकवीस मेहुणांसह उद्यापन करीन.”

“कधी करीन, असं म्हटलं होतंत?”

मी आठवून पाहिलं. संकल्प त्यांनीच सांगितला होता, मी मागून म्हटला होता. “नाही.”

“मग देवाने तुम्हाला मुदत दिलेलीच आहे,” गुरुजी म्हणाले. “आणि मुदत वाढली म्हणून तो व्याज लावत नाही.”

हे गॅलरीतून आत आले. “पण गुरुजी, उद्यापन नाही म्हणजे तुमची दक्षिणा—”

“उधार. लिहून ठेवा पाहिजे तर.”

त्या संध्याकाळी वन्संचा फोन आला. मी सगळं सांगितलं. त्या ऐकत होत्या, मग म्हणाल्या, “कुमुद, माझं साडीचं सोड. पण लोक काय म्हणतील कळतंय का? देवाचे पैसे खाल्ले म्हणतील.”

“म्हणू देत, वन्सं.”

“तू असं बोलतेस? तू? एकादशीला शेंगदाणे कुणी पाखडले म्हणून विचारणारी?”

“देवाचे पैसे देवानेच राखून ठेवले असतील,” मी म्हटलं. “मला नाही माहीत. पण त्या सात वाती मी पाहिल्यात, वन्सं. आता मला त्याच्यापुढे तुपातला नैवेद्य ठेवता येणार नाही, आणि ह्यांनी अडुसष्टाव्या वर्षी कुठल्या वॉचमनच्या खुर्चीत बसायचं हेही बघवणार नाही.”

वन्सं म्हणाल्या, “साडी मी परत करत नाही हं. उद्यापन होईल तेव्हा नेसेन.”

गुरुजींनी जाताना यांना एक गोष्ट बजावली होती. पैसे भरताना अर्जात दोन ओळी लिहायच्या. रक्कम मुद्दलात जमा करावी, आणि मुदत कमी करावी. त्या दोन ओळींशिवाय पैसे सोडायचे नाहीत.

बँकेत आम्ही दोघं गेलो. खिडकीतल्या साहेबांनी अर्ज पाहिला, मग आम्हाला पाहिलं. “हप्ता वाढवून पाहिजे? कमी करून द्या म्हणून येतात लोक.” मग डब्यातून काढलेल्या, कापराचा वास येणाऱ्या नोटा मोजत गोड आवाजात म्हणाले, “असं करू. हे तीस हजार मी पुढच्या सहा हप्त्यांत वळते करतो. सहा महिने तुम्हाला काहीच भरायला नको. आरामात.”

हे माझ्याकडे बघायला लागले. सहा महिने. गिरणीतल्या माणसाला सहा महिन्यांचा श्वास कुणी देतो का? त्यांच्या चेहऱ्यावर ते स्पष्ट दिसत होतं.

“नको,” मी म्हटलं. “मुद्दलात.”

“अहो बाई, तुमच्याच सोयीचं सांगतोय.”

“मुद्दलात.”

“नंतर म्हणाल साहेबांनी सांगितलं नाही.”

“नाही म्हणणार. मुद्दलात जमा करा. आणि मुदत कमी. अर्जात लिहिलंय तसं.”

माझा आवाज मुळातच बारीक. मागच्या रांगेतल्या माणसालाही ऐकू गेला नसेल. पण तिसऱ्यांदा म्हटलं तेव्हा साहेबांनी शिक्का उचलला. बाहेर आल्यावर हे म्हणाले, “मला वाटलं होतं मी तुला बँकेत घेऊन चाललोय.”

वाढलेल्या हप्त्याचे पाचशे चौऱ्याहत्तर मी उभे केले. गणपतीच्या देवळाजवळच्या पूजासाहित्याच्या दुकानात फुलवाती द्यायला लागले. व्रताच्या वाती वेगळ्या, विकायच्या वेगळ्या. कापूसही एका पिशवीतला घेतला नाही. लाख तर तेरा दिवसांनी पुऱ्या झाल्याच. कापूर आणि कडुलिंबाचा पाला घालून मी दोन पत्र्यांच्या डब्यांत त्या बंद केल्या. झाकणांवर हळदीचं बोट ओढलं.

त्याच दिवशी गुरुजी सहज डोकावून गेले होते. डबे बघून म्हणाले, “शेवटचा हप्ता जाईल, त्या दिवशी ह्या वातींचा संकल्प मीच सांगणार. दुसऱ्या कुणाला बोलवायचं नाही.”

“दुसरं कोण आहे आम्हाला?”

“मला चालवेनासं झालं असेल तर वाती घेऊन तुम्ही माझ्याकडे यायचं.”

“येईन.”

“असं नुसतं नको. अक्षता घ्या हातात.”

मी घेतल्या आणि म्हटलं.

नंतर माझ्या नेमात एक नेम वाढला. दर महिन्याला हप्ता गेला की बँकेतून आकडा आणायचा, दोन्ही बाजूंनी वाचायचा, आणि शंभर वाती ताटात घेऊन त्यातल्या आपल्या किती राहिल्या त्या वेगळ्या मांडायच्या. तीस हजार भरून हप्ताही वाढवला, त्यानंतरच्या पहिल्या महिन्यात मी मांडल्या आणि पुन्हा मोजल्या. एकवीस होत्या. त्या सकाळी मी मोदक केले. बँकेच्या नावाने नाही.

पुढे कधी व्याज वाढलं, कधी उतरलं. वाढलं की हे स्वतः बँकेत जाऊन विचारायचे, “वर्षं वाढली का? मग हप्ता वाढवा.” दिवाळीचा बोनस मुद्दलात. आमच्या लेकीच्या, ऋजुताच्या लग्नाच्या वर्षी फक्त काही भरता आलं नाही. एकवीसच्या तीस झाल्या, मग चाळीस. पन्नास झाल्या त्या दिवशी यांनी ताटाचा फोटो काढला. उंदीर खरोखर वाळत गेला.

सोळा म्हटलं होतं, तेरा वर्षांत फिटलं. हे चोपन्न वर्षांचे होते. शेवटच्या महिन्यात मी शंभर वाती मांडल्या. नव्याण्णव आमच्या. एक उंदराची. ती मी त्याला आनंदाने दिली.

बँकेचं पत्र आलं, कर्ज पूर्ण फिटल्याचं. वाचलं. उलटं केलं. मागचं पान कोरं होतं, तरी मी ते वरपासून खालपर्यंत पाहिलं. मग हळदकुंकू वाहिलं.

गुरुजी तोवर तासगावला लेकीकडे राहायला गेले होते. वय ब्याऐंशी, गुडघे गेलेले. फोन आधी लेकीने घेतला. मी कोण ते सांगितलं तर म्हणाली, “वातीवाल्या वहिनी ना? आई तुमचं नाव काढायची. त्या महिन्यात बाबांकडे तेवढं एकच मोठं काम होतं, आणि तेच नको सांगून आले म्हणून आई चार दिवस बोलत नव्हती त्यांच्याशी.”

मला हे ठाऊक नव्हतं. मी काही बोलायच्या आत फोन गुरुजींच्या हातात गेला होता.

“फिटलं का?”

“फिटलं, गुरुजी.”

“मागचं पान?”

“कोरं.”

ते हसले. दम लागल्यासारखे थांबले. मग म्हणाले, “वहिनी, तुमच्या देवाखालचा कागद मी पुढच्या पानावरूनच ओळखला होता. ‘आपल्या हप्त्यात कोणताही बदल नाही.’ आमच्या बँकेची शेवटची पाच-सहा वर्षं ते वाक्य मीच टाइप करायचो. वर काय ठेवायचं नि मागे काय, साहेब सांगायचे. किती पाकिटं चिकटवली, त्याला मोजदाद नाही. तेव्हा खिडकीशी येणाऱ्या एकालाही म्हटलं नाही, कागद उलटा करा. नोकरी होती.”

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

“तुम्ही पहिल्या. हळदकुंकू बघितलं त्याच्यावर, आणि राहवलं नाही.” मग आवाज नेहमीसारखा करून म्हणाले, “दक्षिणा उधार आहे माझी.”

“येते, गुरुजी. आठवण आहे.”

“घाई नाही. व्याज नाही त्याला.”

दुसऱ्या दिवशी सकाळी वाती वळून झाल्यावर मी दोन्ही डबे खाली काढले. कापूर उडून गेला होता, वाती पांढऱ्याशुभ्र होत्या. तुपाची बरणी, पळी, अक्षतांची पुडी पिशवीत ठेवली. दक्षिणेचं पाकीट वेगळं, पदराला बांधून. वन्संना फोन केला, तर त्या म्हणाल्या, “साडी इस्त्रीला टाकते. मेहुणांचा दिवस ठरला की कळव.”

हे दारात उभे होते. “स्कूटरवर सोडू का तासगावला?”

“नको. हलतील वाती. एसटीने जाते.”

“डबे तरी स्टँडपर्यंत घेतो.”

एक डबा त्यांनी घेतला, एक मी. जिना उतरताना निंबाळकरवहिनींनी विचारलं, “सकाळी सकाळी कुठे, कुमुदताई?”

“गुरुजींकडे,” मी म्हटलं, आणि पदराची गाठ चाचपून पुढची पायरी उतरले.